नादाला लागलेला एक दिवस

[हॉटेलच्या नाश्त्याचं टेबल. वाटीत तार सुटलेले सोयाबीन. एक हात येतो आणि वाटी लांब सारतो.]

सहलीच्या आदल्या रात्री गाईडबाईंचा निरोप आला. कुठे भेटायचं, किती वाजता, सोबत काय आणायचं, हे सगळं खाली. पहिली ओळ एवढीच: उद्या सकाळी कृपा करून नाट्टो खाऊ नका.

नाट्टो म्हणजे आंबवलेले सोयाबीन. चमचा उचलला की तारा निघतात, आणि वासाबद्दल न बोललेलं बरं. त्यातला जिवाणू भलता चिवट असतो. हाताला लागतो, कपड्यांना लागतो, आणि जाईल तिथे ठाण मांडतो. आज आपण जिथे निघालोय तिथे एका बुरशीला तळहातावरच्या फोडासारखं जपतात. तिच्या घरात हा पाहुणा नको. साके, म्हणजे तांदळाची जपानी दारू, गाळणारी माणसं तर हंगामभर नाट्टोला शिवत नाहीत. आमच्या मराठी घोळक्यात या बंदीचं दुःख कुणाला झालं नाही, हे सांगायला हवं.

[लोकलची खिडकी. उजवीकडे डोंगर, डावीकडे घरांमागे समुद्र.]

फेब्रुवारी महिना. ओसाकाहून हानशिनची लोकल पश्चिमेला, कोबेच्या दिशेने निघते. आज गाडी भाड्याने घेतलेली नाही, कारण दारू पिऊन चाक हातात घेण्याबाबत जपानचा कायदा कुणाची गय करत नाही. उजवीकडे रोक्को डोंगर, डावीकडे समुद्र, आणि मधल्या चिंचोळ्या पट्टीत साधारण बारा किलोमीटरवर पसरलेली पाच जुनी गावं: इमाझू, निशिनोमिया, उओझाकी, मिकागे आणि निशी. या पट्टीचं नाव नादा. जपानात जेवढी साके बनते, तिचा जवळपास चौथा हिस्सा इथला. म्हणजे नादाला लागणं हा इथे रीतसर धंदा आहे.

खरं सांगायचं तर पहिलं दर्शन फसवं निघालं. सहलीच्या पत्रकात ‘पारंपरिक’ हा शब्द तीनदा होता. उतरल्यावर दिसले ते काँक्रीटचे कारखाने, स्टीलच्या टाक्या, मालट्रक आणि डोक्यावरून धडधडणारा महामार्ग. काळ्या लाकडाच्या भिंती, कौलं, दारावर लोंबणारा देवदाराच्या फांद्यांचा गोळा, असलं काही मनात धरून मी आले होते. गोळे होते. नवी साके आली की हिरवा गोळा टांगतात, तो हळूहळू वाळून तपकिरी होतो. पण तो लटकत होता स्वयंचलित काचेच्या दारावर.

मी गाईडबाईंना विचारलं, “यात जुनं काय आहे?”

त्या म्हणाल्या, “आधी विहीर बघू.”

[निशिनोमिया. जाळीच्या कुंपणाआड झाकलेल्या विहिरी. शेजारी दगडी खांब.]

झाकण लावलेल्या विहिरी. यात चित्रीकरण करण्यासारखं काहीही नाही. कॅमेरावाल्याने माझ्याकडे पाहिलं, मी त्याच्याकडे. पण गोष्ट इथेच सुरू होते.

१८४०च्या सुमाराला यामामुरा ताझाएमोन या साकेवाल्याचे दोन कारखाने होते. एक उओझाकीला, एक इथे निशिनोमियाला. पद्धत तीच, पण निशिनोमियाची साके दरवर्षी सरस उतरायची. त्याने दोन्हीकडच्या मुख्य कारागिरांची अदलाबदल केली. फरक पडला नाही. तांदूळ बदलून पाहिला. तरी नाही. शेवटी त्याने इथलं पाणी पिंपांतून उओझाकीला नेलं, आणि तिथली साकेही सुधारली. एकेक गोष्ट बदलून बघायची, बाकी सगळं तसंच ठेवायचं. प्रयोगशाळेत याहून वेगळं काय करतात?

या पाण्याला मियामिझु म्हणतात. जपानच्या मानाने हे जड, म्हणजे जास्त क्षारांचं पाणी. त्यात फॉस्फरस आणि पोटॅशियम भरपूर, म्हणजे यीस्टला खुराक. आणि लोह जवळजवळ नाहीच. लोह आलं की साकेचा रंग बिघडतो, मागोमाग चवही. बातमी फुटल्यावर नादातल्या सगळ्यांनाच हे पाणी हवं झालं. ज्यांच्या परसात विहीर होती त्यांनी पाणी विकायचा धंदा मांडला. शेतात काही न पिकवता नुसतं पाणी उपसून माणसं पोट भरू लागली.

[संग्रहालय. काचेच्या चार बशा, चारही बशांत तांदूळ. दाणा डावीकडून उजवीकडे लहान होत जातो.]

दुपारच्या आधी सुमियोशीला, हाकुत्सुरू या साकेवाल्यांच्या जुन्या कुरामध्ये. कुरा म्हणजे कोठार. साकेच्या कारखान्यालाही हाच शब्द. आत माणसाच्या उंचीचे पुतळे भात वाफवतायत, पिंपं घासतायत. पुतळे मला फारसे रुचत नाहीत. पण या चार बशांपाशी आमचा घोळका थांबला तो हलेना.

आपल्याकडे तांदूळ सडतात. वरचा कोंडा गेला, दाणा पांढरा झाला की झालं. रोजच्या जेवणातल्या तांदळाचा साधारण दहावा हिस्सा असा जातो. इथे मात्र सडतच राहतात. गिंजो म्हणवणाऱ्या साकेसाठी दाण्याचा जास्तीत जास्त साठ टक्के भाग ठेवायचा, दाइगिंजोसाठी पन्नास किंवा त्याहून कमी. शेवटच्या बशीत तांदूळ राहिलेलाच नाही, साबुदाण्यासारखे टपोरे मोती आहेत. वरच्या थरातली प्रथिनं आणि चरबी साकेत नको असतात. हवा असतो पोटातला पांढरा, पिठूळ गाभा. यामादा निशिकी या जातीत तो मोठा असतो. याच ह्योगो प्रांतात १९२३ साली तिचा संकर झाला आणि १९३६ साली तिला नाव मिळालं. तिला सुगंध वगैरे काही नाही. आंबेमोहोरावर वाढलेल्या माणसाला हे पचायला जड जातं. “अर्धा तांदूळ फेकून देतात?” आमच्यातल्या एका आजींनी विचारलं. फेकत नाहीत. त्या पिठाच्या कुरकुरीत चकत्या होतात, मिठाई होते, भरड कोंडा जनावरांना जातो. आजींचा जीव भांड्यात पडला.

जुन्या काळी इतरत्र माणसं पायाने मुसळ चालवून तांदूळ सडायची. नादाने रोक्कोवरून धावत येणाऱ्या ओढ्यांवर पाणचक्क्या बसवल्या. माणसाचा पाय दमतो, ओढा दमत नाही. नादा इतरांच्या पुढे गेलं त्यात या चक्क्यांचा वाटा मोठा आहे. आणि तयार माल जहाजात भरायला समुद्र दारातच होता. देवदाराच्या पिंपांतून साके एदोला, म्हणजे आजच्या टोकियोला निघायची. वाटेत लाटांवर डुचमळताना लाकडाचा वास तिच्यात उतरायचा. एदोच्या लोकांना तोच आवडू लागला.

[काचेआड लाकडी भिंतींची खोली. पांढरे कपडे घातलेला माणूस वाफवलेला भात हातांनी मोकळा करतोय.]

आणि ही त्या बुरशीची खोली. बाहेर हाडं गोठवणारी थंडी, रोक्कोवरून उतरणारा वारा. आत तिशीच्या वरचं तापमान. वाफवलेल्या भातावर कोजी नावाच्या बुरशीची हिरवट पूड भुरभुरवतात आणि जवळजवळ दोन दिवस तिची सरबराई करतात. पांघरूण घाल, काढ, भात उलथव, पुन्हा झाक. रात्रीही उठून बघायचं. तान्ह्या बाळाच्या घरात याहून वेगळं काही चालत नाही.

आमच्या हातावर तयार कोजीचे चार दाणे ठेवले. दाण्याभोवती पांढरी लव. वास भाजलेल्या शिंगाड्यासारखा. चावल्यावर आधी कोरडं, मग हळूच गोड. ती गोडीच सगळ्याचं मूळ. तांदळात साखर नसते. द्राक्षात असते, म्हणून द्राक्षाची वाईन सोपी. इथे कोजी पिष्टाची साखर करते आणि त्याच टाकीत, त्याच वेळी, यीस्ट त्या साखरेची दारू करतं. म्हणून न उकळता, ऊर्ध्वपातन न करता मद्यार्क वीस टक्क्यांच्या आसपास पोचतो. नंतर पाणी घालून तो पंधरा-सोळावर आणतात. फेणीसारखी भट्टी इथे नाहीच.

आधी यीस्टचं विरजण करायचं. मग त्यात भात, कोजी आणि पाणी एकदम ओतायचं नाही. चार दिवसांत तीन वेळा, दर वेळी वाढत्या मापाने. दुसऱ्या दिवशी काहीच घालायचं नाही, यीस्टला वाढू द्यायचं. त्या सुट्टीच्या दिवसाला ओदोरी म्हणतात. ओदोरी म्हणजे नाच.

या सगळ्या कारागिरीला डिसेंबर २०२४ मध्ये युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत जागा मिळाली. खोलीतल्या माणसाला विचारलं, काही फरक पडला का? तो हसला आणि भात उलथवायला वळला.

[किकुमासामुने या साकेवाल्यांचं संग्रहालय. लाकडी पिंपं, लांब दांड्यांचे घोटे. पार्श्वभूमीला पुरुषांचा सामूहिक आवाज.]

हे गाणं ऐका. विरजणाचा भात दांड्याने घोटताना म्हणायचं. इथे मुख्य कारागिराला तोजी म्हणतात. तो आणि त्याची माणसं तान्बाच्या डोंगरातली. भातकापणी उरकली की निघायची, थंडीचे शंभर दिवस राबून घरी परतायची. दसऱ्यानंतर बीडकडून कारखान्याच्या वाटेला लागणारे ऊसतोडे डोळ्यांपुढे येतात. गाण्याने हुरूप यायचा, झोप उडायची, हे खरंच. पण मुख्य काम वेगळं. घड्याळ नव्हतं. किती कडवी झाली, त्यावर घोटणं पुरे की नाही हे ठरायचं. जात्यावरच्या ओव्यांनी दळण सरतं, इथे ओव्यांनी ते मोजायचे.

आणि ही अवजारं. ही इथे आहेत, याचंच नवल.

१७ जानेवारी १९९५. पहाटे ५ वाजून ४६ मिनिटं. कुरांमध्ये हंगाम ऐन भरात. जेमतेम वीस सेकंद जमीन हलली. या भूकंपात सहा हजार चारशेहून जास्त माणसं गेली. नादाचे लाकडी कुरा एकामागोमाग एक बसले. हे संग्रहालयही कोसळलं. लोकांनी ढिगारा उपसून अवजारं एकेक करून बाहेर काढली, आणि १९९९ साली नवी इमारत उभी राहिली. सकाळी काँक्रीट बघून मी नाक मुरडलं होतं. ते आता आठवलं.

[सावानोत्सुरूचा कुरा, ओइशी. जमिनीखाली दगडी बांधणीचा खड्डा.]

ओइशीला सावानोत्सुरूचा जुना कुराही तेव्हाच पडला. तो पुन्हा बांधण्याआधी जमीन खणली, तर खाली हे सापडलं: साके पिळून काढायची जागा, चक्क जमिनीखाली. अशी रचना फार क्वचित आढळते. कापडी पिशव्यांत आंबलेला लगदा भरायचा, त्या लाकडी पेटीत रचायच्या, वर लांब तुळईला दगड टांगायचे, आणि खाली थेंब थेंब गळू द्यायचं. वरचा कुरा उभा होता तोवर हे जमिनीत गडप होतं.

[चिनी मातीचा पांढरा पेला. तळाशी दोन निळी वर्तुळं.]

शेवटी चाखायची वेळ. पेल्याच्या तळाशी निळी वर्तुळं असतात, त्यांना सापाचा डोळा म्हणतात. निळ्यावर साके गढूळ आहे का ते दिसतं, पांढऱ्यावर रंग. दाइगिंजोला पिकल्या फळांचा वास होता, किंमतही तशीच. मला विचाराल तर जुन्या पद्धतीच्या विरजणाची साधी साके, कोमट केलेली, कितीतरी बरी. थोडी आंबटसर, जिभेवर रेंगाळणारी. सोबत साकेच्या चोथ्यात मुरवलेलं लोणचं. आमच्यातल्या दोघांनी त्याच्याच पिशव्या भरून घेतल्या.

मग गाईडबाईंनी तोच पेला विसळून पुन्हा भरला. या वेळी त्यात नुसतं पाणी होतं, सकाळच्या विहिरींचं. दोन्ही निळी वर्तुळं लख्ख दिसत होती.

चव काहीच नव्हती. मी आणखी एक पेला मागून घेतला.