सहीशिवायची बंदी

सभ्य श्रोतेहो,

१९ फेब्रुवारी २०१९ रोजी तैवानमधील रेड कँडल गेम्स या छोट्याशा संस्थेने 'डिव्होशन' नावाचा व्हिडिओ गेम जगभर विक्रीस आणला आणि जेमतेम आठवडाभरात तो स्वतःच विक्रीतून काढून घेतला. राजकीय वादामुळे दुकानातून नाहीशा झालेल्या गेमांविषयी आज मी बोलणार आहे. त्यांतल्या या एका गेमपाशी मी जरा जास्त वेळ थांबेन, कारण आपल्या काळातली बंदी कशी येते आणि कुणाच्या हातून येते, हे त्यात फार स्पष्ट दिसते.

हा गेम भयकथेचा आहे आणि १९८०च्या दशकातल्या तैपेईमधील एका जुन्या सदनिकेत घडतो. बाप पटकथालेखक आहे, पण त्याचे लेखन आता कुणी घेत नाही. आई लग्नापूर्वी नामवंत गायिका आणि अभिनेत्री होती. मुलगी आजारी आहे. तिचा आजार मनाचा आहे हे मान्य करायला बाप तयार होत नाही आणि एका पंथाच्या गुरूच्या नादी लागून, देवीच्या कृपेने मुलगी बरी होईल या आशेवर तो घरातला पैसा आणि शेवटी मुलगीही गमावतो. अंधश्रद्धेच्या पायी होणाऱ्या अघोरी प्रकारांविरुद्ध महाराष्ट्राने २०१३ मध्ये आणि कर्नाटकाने २०१७ मध्ये कायदा केला, म्हणजे ही कथा दोन्ही राज्यांच्या या सीमेवर, आपल्या बेळगावात, कुणालाही परकी वाटू नये. खेळणारा त्या घराच्या खोल्यांतून फिरतो, कॅलेंडर, रेडिओ, औषधाच्या पुड्या, मुलीची चित्रे न्याहाळतो, आणि एका कुटुंबाचा विनाश त्याला वस्तूंमधून कळत जातो. चांगल्या कादंबरीकडून आपण जे मागतो ते या गेमने दिले होते, असे माझे मत आहे.

त्या सदनिकेच्या एका भिंतीवर मंत्रलिखित पिवळा कागद चिकटवलेला होता. आपल्याकडे दारावर यंत्र लावतात, तसा तिकडे असा कागद लावण्याची रीत आहे. त्यावर लाल शिक्का होता आणि शिक्क्यातली अक्षरे जुन्या, मुद्रेवर कोरण्याच्या वळणाची होती, जी सामान्य वाचकाला सहज लागत नाहीत. चीनमधील काही खेळाडूंनी ती लावली, तेव्हा चीनचे राष्ट्राध्यक्ष शी चिनफिंग यांचे नाव आणि त्याच्या जोडीला 'विनी द पू' या बालकथेतल्या अस्वलाचे नाव तिथे निघाले. चीनच्या समाजमाध्यमांवर शी यांची या अस्वलाशी तुलना करण्याची चेष्टा अनेक वर्षे चालली होती आणि तिथले नियंत्रक ती पुसून टाकत आले होते. कागदाच्या चार कोपऱ्यांत एकेक अक्षर होते आणि ती चारही जोडून वाचली की एक शिवी तयार होत होती.

पुढचे सारे काही दिवसांत घडले. 'स्टीम' या संगणकीय गेमांच्या इंटरनेटवरील सर्वांत मोठ्या दुकानात या गेमविषयीचे अभिप्राय उत्तम होते, ते हजारो संतप्त अभिप्रायांखाली दबले गेले. संस्थेने चित्र बदलले, माफी मागितली, एका सहकाऱ्याने तात्पुरते वापरलेले चित्र चुकून अंतिम आवृत्तीत राहिल्याचे सांगितले. भागीदार कंपन्यांनी संबंध तोडले. चीनमधील प्रकाशक कंपनीचा व्यवसाय परवाना त्याच वर्षी रद्द झाला. अखेर, गेममध्ये आणखी काही नकळत राहिले आहे का ते तपासून पाहतो, असे सांगून संस्थेने तो सगळ्या जगातून मागे घेतला. पुढे १६ डिसेंबर २०२० रोजी 'जीओजी' या पोलिश दुकानाने हा गेम आपण विकणार असल्याचे जाहीर केले आणि काही तासांत, खेळाडूंकडून अनेक संदेश आल्यामुळे तो विकणार नाही, असे कळवले. मार्च २०२१ मध्ये रेड कँडलने स्वतःचे संकेतस्थळ उघडले आणि तिथून विक्री सुरू केली.

आता मी एक साधा प्रश्न विचारतो. या गेमवर जगभर बंदी कुणी घातली? चीनचा अधिकार चीनपुरता. अमेरिकेतल्या किंवा आपल्या बेळगावच्या टिळकवाडीतल्या ग्राहकाला हा गेम मिळू नये असा हुकूम कोणत्याही सरकारने काढल्याचे दिसत नाही. कुणाची सही नाही, कलम नाही, आदेशाचा क्रमांक नाही. नुकसानीच्या भीतीने एकाने मागे घेतला, दुसऱ्याने विकण्याचे नाकारले, आणि गेम दोन वर्षे बाजारातून बाहेर राहिला.

आपण सीमाभागातली माणसे आहोत आणि बंदीचा आपला अनुभव कागदावरचा आहे. १ नोव्हेंबरच्या काळ्या दिनाच्या फेरीला परवानगी नाकारली जाते, मराठी भाषकांच्या महामेळाव्याच्या आदल्या दिवशी जमावबंदी लागू होते, महाराष्ट्रातल्या नेत्यांना जिल्ह्यात प्रवेश करण्यास मनाई होते. पण प्रत्येक वेळी जिल्हाधिकाऱ्यांचा किंवा पोलीस आयुक्तांचा आदेश असतो आणि तो हातात घेऊन वकिलाकडे जाता येते. अशा आदेशांचे मी समर्थन करत नाही. मी इतकेच म्हणतो, की ज्या अन्यायावर सही असते त्याच्याशी भांडता येते.

याचे सर्वांत मोठे उदाहरण याच गावातले आहे. १ मे १९१६ रोजी लोकमान्य टिळकांनी बेळगावात स्वराज्यावर मराठीत भाषण केले. ते आणि अहमदनगरची दोन भाषणे राजद्रोही ठरवून पुण्याच्या दंडाधिकाऱ्यांनी त्यांच्याकडून एक वर्षाच्या चांगल्या वर्तणुकीसाठी २०,००० रुपयांचा जातमुचलका आणि प्रत्येकी १०,००० रुपयांचे दोन जामीन मागितले. टिळक उच्च न्यायालयात गेले आणि ९ नोव्हेंबर १९१६ रोजी मुंबईच्या उच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. निकालामागची भूमिका अशी होती, की सुटी वाक्ये वेचून वक्त्याचा हेतू ठरवू नये, भाषणे समग्र वाचावीत आणि त्यांचा एकूण परिणाम पाहावा. परक्या सरकारच्या न्यायालयाने बेळगावच्या मराठी भाषणाला दिलेला हा न्याय शंभर वर्षांनंतर एका तैवानी गेमला मिळाला नाही. त्याचा निवाडा एका भिंतीवरच्या एका कागदावरून झाला आणि आजारी मुलीच्या त्या कथेकडे कुणी पाहिलेही नाही. तो कागद शहाणपणाचा होता असे मी म्हणणार नाही. ती चेष्टा कथेशी विसंगत होती आणि ती काढून टाकणे योग्यच होते. पण ती काढल्यानंतरही गेम परत आला नाही, हे लक्षात घ्यावे.

नकाशाचा विषय आपल्या अधिक जवळचा आहे. 'हार्ट्स ऑफ आयर्न' हा स्वीडनमध्ये तयार झालेला, दुसऱ्या महायुद्धावरचा डावपेचांचा गेम. १९३६ च्या सुमाराच्या जगापासून त्याचा डाव सुरू होतो, आणि त्यात मांचुरिया, तिबेट आणि पश्चिम सिंक्यांग स्वतंत्र देशांसारखे व तैवान जपानच्या ताब्यात दाखवले होते. २००४ मध्ये चीनने इतिहासाचा विपर्यास आणि सार्वभौमत्वाची हानी या कारणांवरून त्यावर बंदी घातली. 'फुटबॉल मॅनेजर २००५' या निरुपद्रवी गेमवरही तिबेट आणि तैवान वेगळे देश म्हणून नोंदवल्याच्या कारणाने तीच वेळ आली. तैवान त्या काळी जपानच्या ताब्यात होते, ही इतिहासातली नोंद आहे. पण राज्यसंस्थेला नकाशा आजच्या दाव्याप्रमाणे हवा असतो, मग खेळ कोणत्याही काळातला असो.

नकाशा पाहून जीव कासावीस होणे म्हणजे काय, हे आपल्याला दुसऱ्याने सांगण्याची गरज नाही. १ नोव्हेंबर १९५६ च्या राज्यपुनर्रचनेपासून आपण एका रेषेच्या चुकीच्या बाजूला आहोत अशी भावना घेऊन इथल्या तीन पिढ्या जगल्या, आणि महाराष्ट्राचा दावा २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. बेळगावजवळच्या येळ्ळूरच्या वेशीवरचा 'महाराष्ट्र राज्य' असा फलक २०१४ मध्ये हटवला गेला, तेव्हा काय झाले ते या सभागृहातल्या कित्येकांनी डोळ्यांनी पाहिले आहे. म्हणूनच मी आग्रहाने सांगतो, की उद्या एखाद्या गेमने बेळगाव, कारवार, निपाणी आपल्या मनाविरुद्ध रंगवले, किंवा आपल्या मनाप्रमाणे रंगवल्याने कानडी बांधव दुखावले, तर तो दुकानातून काढून टाकण्याची मागणी आपल्यापैकी कुणी करू नये. ज्यांचा फलक उखडला गेला त्यांनी दुसऱ्याचा नकाशा उखडू नये.

बंदीची पद्धत सुधारू शकते, याचे उदाहरण जर्मनीचे आहे. तिथल्या दंडसंहितेच्या ८६अ कलमानुसार नाझींची चिन्हे मिरवणे हा गुन्हा आहे आणि त्यामागचे दुःख खरे आहे. परंतु चित्रपटांना कलाकृती म्हणून जी सूट होती ती गेमांना दिली जात नव्हती. १९९० च्या दशकात 'वुल्फेन्स्टाइन ३डी' हा गेम तिथे न्यायालयाच्या आदेशाने जप्त झाला, वास्तविक त्यात खेळणारा नाझींविरुद्धच लढतो. या भीतीचा परिणाम २०१७ च्या 'वुल्फेन्स्टाइन २' मध्ये पाहायला मिळाला. जर्मन आवृत्तीत स्वस्तिकाच्या जागी दुसरे चिन्ह आले, हिटलरच्या मिशा गेल्या आणि त्याला 'हेर हाइलर' असे नाव मिळाले. अत्याचाऱ्याची ओळख पुसून अत्याचाराची गोष्ट सांगायची, अशी ती परिस्थिती होती. ऑगस्ट २०१८ मध्ये तिथल्या वर्गीकरण संस्थेने प्रत्येक गेम स्वतंत्रपणे पाहून, कलात्मक किंवा ऐतिहासिक प्रयोजन असेल तर चिन्हांना मुभा द्यायची, असे ठरवले. हा बदल होऊ शकला, कारण नियम लिहिलेला होता आणि त्यावर उघड वाद घालता येत होता.

खासगी दुकानांचे असे नाही. २०११ मध्ये 'फोन स्टोरी' हा छोटा गेम अ‍ॅपलच्या दुकानातून काही दिवसांतच काढला गेला. कांगोतल्या खाणींपासून चीनमधील कारखान्यांतल्या आत्महत्यांपर्यंत, हातातला फोन कसा तयार होतो हेच तो सांगत होता. २०१३ मध्ये सीरियाच्या युद्धावरचा 'एंडगेम: सीरिया' तिथे नाकारला गेला आणि खरा देश बदलून काल्पनिक प्रदेश घातल्यावर स्वीकारला गेला. जून २०१५ मध्ये अमेरिकेतील चार्ल्स्टनच्या चर्चमधील हत्याकांडानंतर, तिथल्या यादवी युद्धात गुलामगिरीच्या बाजूने लढलेल्या दक्षिणी राज्यांचा ध्वज ज्यांत होता असे गेम अ‍ॅपलने सरसकट उतरवले. त्यांत त्याच युद्धातल्या गेटिसबर्गच्या लढाईवरचा एक अभ्यासपूर्ण गेमही होता, आणि तो काही दिवसांनी परत ठेवावा लागला. हेतू चांगला असला तरी चाळणी आंधळी असली की असे होते.

आपल्या देशाकडे वळू. ऑक्टोबर २००८ मध्ये मायक्रोसॉफ्टने 'फॉलआउट ३' भारतात आणणार नसल्याचे, सांस्कृतिक संवेदनशीलतेचे कारण देऊन जाहीर केले. नेमकी कोणती गोष्ट खटकली हे सांगितले नाही. त्या गेममधील दोन तोंडांच्या गुरांना 'ब्रामिन' म्हटले आहे, त्यावरून लोकांनी तर्क केले. कुणी तक्रार करण्याआधीच माघार घेण्याचा हा प्रकार मला तक्रारीपेक्षा अधिक घातक वाटतो.

२ सप्टेंबर २०२० चा दिवस मात्र इथल्या गल्लीगल्लीतल्या तरुणांना ठाऊक आहे. गलवानच्या संघर्षानंतर केंद्राने ११८ अ‍ॅपवर बंदी घातली आणि त्यांत 'पबजी मोबाइल' होता. यादी जाहीर झाली, माहिती तंत्रज्ञान कायद्याचे ६९अ कलम सांगितले गेले. त्याचाच भारतीय अवतार जुलै २०२१ मध्ये आला, जुलै २०२२ मध्ये दुकानांतून अचानक दिसेनासा झाला आणि मे २०२३ मध्ये तीन महिन्यांच्या चाचणीच्या अटीवर परतला. देशाच्या सुरक्षेसाठी असा अधिकार सरकारकडे असावा, याला माझा विरोध नाही. माझा आक्षेप या कलमाखालच्या २००९ च्या नियमांतील सोळाव्या नियमाला आहे, जो तक्रार आणि कारवाई यांविषयी कडक गोपनीयता सांगतो. ६९अ कलम वैध ठरवताना सर्वोच्च न्यायालयाने २०१५ च्या श्रेया सिंघल निकालात आधार घेतला तो या गोष्टीचा, की कारणे लेखी नोंदवली जातात आणि त्यामुळे आदेशाला आव्हान देता येते. पण कारणांचा तो कागद ज्याचा गेम गेला त्याच्याच हाती पडत नसेल, तर त्याने न्यायालयात काय न्यावे?

राहता राहिला प्रश्न जतनाचा. जप्त झालेले पुस्तक कुणाच्या तरी माळ्यावर, एखाद्या वाचनालयाच्या कपाटात उरते. बेळगावच्या सार्वजनिक वाचनालयासारख्या १८४८ पासूनच्या संस्था असलेल्या गावाला हे समजावून सांगायला नको. केवळ इंटरनेटवरून विकला जाणारा गेम उतरवला, की नव्या वाचकाला, म्हणजे खेळणाऱ्याला, तो पाहण्याचा मार्गच उरत नाही. २०२० मध्ये, 'डिव्होशन' दुकानांबाहेर असताना, हार्वर्ड विद्यापीठाच्या येन्चिंग ग्रंथालयाने तो आणि त्याच संस्थेचा 'डिटेन्शन' हे दोन्ही गेम आपल्या संग्रहात घेतले. आपल्याकडे १९५४ च्या कायद्याप्रमाणे प्रत्येक प्रकाशकाला पुस्तकाच्या प्रती कोलकाता, मुंबई, चेन्नई आणि दिल्ली येथील चार ग्रंथालयांना द्याव्या लागतात. पुढे त्या कायद्यात वृत्तपत्रे आली, गेम आजही नाहीत. ते यावेत अशी मागणी सीमाभागातल्या वाचनालयांनी ठराव करून दोन्ही राज्य सरकारांकडे आणि केंद्राकडे पाठवावी. तोवर इथल्या अभियांत्रिकी महाविद्यालयांतून जी मुले गेम तयार करत आहेत, त्यांनी आपल्या प्रत्येक गेमची चालणारी प्रत, ती चालवण्याच्या सूचनांसह, एखाद्या वाचनालयात नोंद करून ठेवावी. या वाचनालयाने त्यासाठी एक कपाट द्यावे, अशी माझी आजच्या अध्यक्षांना विनंती आहे.