'गाईड': मोनो, पण नीट ऐकलेलं

'गाईड'च्या गाण्यांत लताबाईंचा आवाज दोन स्पीकरांच्या बरोब्बर मधोमध यायला हवा. तो जरा जरी एका बाजूला कलला, तर आधी जोडणी तपासा. मग फाइलवर संशय घ्या.

१९६५चा 'गाईड' चित्रपट. सचिनदेव बर्मन यांची गाणी, सगळी मोनो, म्हणजे दोन्ही स्पीकरांतून एकच आवाज. गायिका, तबला, व्हायोलिनं एकदमच वाजायची. कोण पुढे, कोण मागे, हे माइकपासूनच्या अंतरानं आणि रेकॉर्डिस्टच्या हातानं तिथल्या तिथे ठरायचं. पुढे कुणीतरी अशा ध्वनिमुद्रणांचा खर्ज एका बाजूला आणि तार स्वर दुसऱ्या बाजूला सरकवून त्याला 'स्टिरिओ' म्हणतं. ऐकायला रुंद, पण गाण्याचा कणा मोडलेला.

ओळखायचं कसं? ऑडॅसिटीत (आवाज संपादनाच्या सॉफ्टवेअरमध्ये) फाइल उघडा, डावा-उजवा असे दोन्ही चॅनेल वेगळे करा, एक उलटा करा ('रिव्हर्स' नव्हे, 'इन्व्हर्ट') आणि दोन्ही एकत्र मिसळा. अस्सल मोनो असेल तर गाणं नाहीसं होतं. एलपीवरून (जुन्या तबकडीवरून) घेतलेलं असेल तर नुसती खरखर उरते. गाणं ऐकू येत राहिलं, तर काहीतरी गडबड आहे.

एलपीच लावणार असाल तर अॅम्प्लिफायरचं मोनो बटण दाबा. मोनो खाचेत संगीत सुईच्या आडव्या हालचालीत असतं, धुळीची कटकट बरीचशी उभ्या. बटण दाबलं की उभी हालचाल रद्द होते आणि कटकट निम्म्यानं तरी कमी झाल्यासारखी वाटते.

आता 'मोसे छल किये जाय' लावा. तबला शिवकुमार शर्मांचा. होय, संतूरवाल्या शिवकुमारांचा! डग्ग्यावर हात घासला की सूर कसा वर चढतो ते ऐका, आणि थाप पडून गेल्यावर मागे रेंगाळणारी आस. खरखर काढण्याच्या नादात सॉफ्टवेअर पहिल्यांदा तीच खातं. मग चाटीचे (तबल्याच्या काठावरचे) बोल टेबलावर टिचकी मारल्यासारखे कोरडे येतात.

आकड्यांना फार भुलू नका. सीडीचे १६ बिट आणि ४४.१ किलोहर्ट्झ (आवाज किती बारकाईनं साठवला ते सांगणारे आकडे) या ध्वनिमुद्रणाला पुरून उरतात. खराब प्रत २४ बिट, ९६ किलोहर्ट्झमध्ये साठवली, तरी ती खराबच राहते; जागा मात्र तिप्पट खाते.

दोन प्रती ताडून बघताना दोन्हींचा आवाज आधी सारखा करा. थोडी मोठी वाजणारी प्रत कानाला उगाच सरस वाटते. तो फरक मिटला की पुन्हा एकदा फक्त डग्गा ऐका.