कासराभर दिवस

श्रोतेहो, नमस्कार.

माझी आजी तासगावकडची. घरात भिंतीवर घड्याळ होतं, पण तिनं त्याकडं पाहिल्याचं मला आठवत नाही. आजोबा रानात कधी गेले म्हणून विचारलं, तर म्हणायची, "दिस कासराभर वर आला व्हता बघ." कासरा म्हणजे बैलाचा दोर. क्षितिजापासून सूर्यापर्यंत तो नुसत्या नजरेनं ताणून बघायचा. ऐकणाऱ्याला वेळ बरोबर कळायची. आज माझ्या नातवाला कासरा माहीत नाही, कारण दावणीला बैल नाही. बैल गेला, दोर गेला, आणि त्याच्या मागोमाग सकाळचा एक तुकडा आमच्या बोलण्यातून निघून गेला. याची मला फार हळहळ वाटते.

म्हणून कृष्णाकाठी एक काळशाळा असावी, असं माझ्या मनात कित्येक वर्षं आहे. काळ कसा मोजला गेला, कशाशी लावून मोजला गेला, याचा अभ्यास करणारी शाळा. ती अजून फक्त माझ्या वहीत आहे. जागा मी वाईला घाटाजवळ धरलीय. ज्या गावात मराठी विश्वकोशाचं काम झालं, तिथं असल्या चिकाटीच्या कामाची सवय आहे.

मी भूगोल शिकवला, त्यामुळं माझा पहिला धडा काठीचा. अंगणात काठी रोवायची, ओळंब्यानं सरळ करायची आणि सावली सगळ्यांत आखूड कधी होते ते बघायचं. मुलं बारा वाजता तयार होऊन बसतील, आणि सावली आपली आखडतच राहील. आपलं घड्याळ लावलेलं आहे साडेब्याऐंशी अंश पूर्व रेखांशावर, तिकडं मिर्झापूरच्या बाजूला. सांगली त्याच्या पश्चिमेला जवळजवळ आठ अंश, आणि एका अंशाला चार मिनिटं. म्हणून सांगलीची खरी मध्यान्ह सरासरी बारा वाजून बत्तीस मिनिटांनी होते. फेब्रुवारीत ती पाऊणपर्यंत लांबते, नोव्हेंबरच्या सुरुवातीला सव्वाबारापर्यंत अलीकडं येते. साताऱ्याला आणखी दोन मिनिटं उशीर. आणि मेच्या पहिल्या पंधरवड्यात एक दिवस असा येतो, की काठीची सावली तिच्या पायाशीच नाहीशी होते. भारतीय प्रमाणवेळ १९०६ साली सुरू झाली. मुंबईनं मात्र तिच्यापेक्षा एकोणचाळीस मिनिटं मागं असलेली आपली वेळ १९५५ पर्यंत सोडली नव्हती.

दुसरा धडा पाण्याचा. आमच्याकडं तांब्याचं जुनं घटिकापात्र आहे. आमटीच्या वाटीएवढं, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. घंगाळात पाण्यावर ठेवलं की आधी काहीच होत नाही, असं वाटतं. मग तळाला एक थेंब दिसतो, थेंबाचं रुपयाएवढं तळं होतं. शेवटी काठ पाण्याला टेकतो, भांडं क्षणभर थबकतं आणि डुब्ब करून खाली जातं. ती एक घटका, म्हणजे चोवीस मिनिटं. अशा साठ घटकांचा एक अहोरात्र, आणि एका घटकेत साठ पळं. मी मोजून पाहिलं, माझ्या पात्राला थंडीत पंचवीस मिनिटं लागली, एप्रिलमध्ये तेवीस. गार पाणी बारीक भोकातून सावकाश चढतं. चिंच लावून भोक साफ केलं, तेव्हा अर्धं मिनिट आणखी कमी झालं. लग्नात अंतरपाटाच्या बाजूला भटजी असल्याच भांड्यावर डोळा ठेवून असत. "घटकाभर टेक की" असं आपण पाहुण्याला म्हणतो, आणि माणसाची "घटका भरत आली" असंही म्हणतो. दोन्ही बोलणी या वाटीतून आलेली आहेत.

पंचांग शिकवायला सांगलीला यावं लागेल. १९२० साली इथं ज्योतिष परिषद भरली होती. पंचांगातलं गणित डोळ्यांना दिसणाऱ्या आकाशाशी जुळलंच पाहिजे, हा लोकमान्यांचा आग्रह. वाद होता राशिचक्राचा आरंभ कुठून धरायचा याचा. टिळक पंचांग तो रेवतीच्या ताऱ्यापासून धरतं, इतर बरीच पंचांगं चित्रेच्या समोरून. दोन्हींत सुमारे चार अंशांचा फरक, म्हणजे सूर्याच्या चालीचे चार दिवस. तेवढ्यानं अधिक महिना कधी कधी वेगळ्या महिन्यात पडतो, आणि टिळक पंचांग मानणाऱ्या घरी गणपती महिनाभर आधी येतात. चार अंशांनी देव्हाऱ्यातला सण हलतो, हे मुलांना आकाश दाखवून शिकवायला हवं.

आता द्राक्षबागेकडं चला, हा माझा आवडता धडा. आमच्या तासगाव भागात छाटणी झाली की शेतकऱ्याची तारीख संपते. त्याला विचारा, बाग कशी आहे? तो म्हणेल, "चाळीस दिवसांची झाली." त्या एका आकड्यात सगळं आलं: फुलोरा कुठं आहे, पुढची फवारणी कोणती, विरळणी कधी, मण्यात पाणी उतरायला किती अवकाश. रस्त्याच्या अलीकडची बाग चाळीस दिवसांची, पलीकडची पंचवीस, आणि रात्री पाऊस आला तर दोघांची काळजी वेगळी. फुलोऱ्यातल्याला घडकुजीची भीती, नुकत्याच फुटलेल्याला डावणीची, म्हणजे पानांवरच्या बुरशीची. कात्री लागली त्या दिवशी त्या रानापुरतं एक नवं वर्ष सुरू होतं. हा हिशेब करणारी माणसं काळाची जाणकार आहेत. काळशाळेत त्यांनी पाहुणे म्हणून येऊ नये, शिक्षक म्हणून यावं.

मोठ्या मापांसाठी वर जायचं. कासच्या पठारावर टोपली कारवी सात वर्षांनी फुलते. महाबळेश्वरला बारा वर्षांनी, कन्यागतात, म्हणजे गुरू कन्या राशीत आला की, भागीरथी कृष्णेला भेटायला येते अशी श्रद्धा आहे. ती बारा वर्षं म्हणजे गुरू ग्रहाची राशिचक्रातली एक फेरी. उतरताना वाईजवळ मेणवलीच्या घाटावर थांबायचं. तिथल्या घंटेवर १७०७ हे साल आहे आणि बाळ येशूला घेतलेली मेरी. १७३९ मध्ये मराठ्यांनी पोर्तुगीजांकडून वसई घेतली, तेव्हाची ही घंटा.

श्रोतेहो, शाळा बांधायला वेळ लागेल, पण तिची वही आजच लिहायला घेता येते. घरातल्या म्हाताऱ्या माणसांजवळ बसा. तांबडं फुटलं, कडूसं पडलं, दिवेलागण झाली, असं जे जे ते बोलतात ते लिहून घ्या. नुसता शब्द नको, तो कशावरून ओळखायचा तेही विचारा.

माझ्या वहीत पहिल्या पानावर कासरा आहे. मागच्या पावसाळ्यात माळ्यावर आजोबांचा एक सापडला, उंदरांनी टोक कुरतडलेला. मी तो हातानं मोजला, आठ हात भरला. आकाशात तो किती अंशांचा होतो, हे मात्र मला अजून काढायचंय. त्यासाठी पहाटे आजीच्या रानाच्या बांधावर उभं राहावं लागेल.