जम्प कट, गोदार आणि सेसिल देक्युजिस

नमस्कार मंडळी! मागच्या व्हिडिओखाली पुन्हा तोच प्रश्न आलाय, ‘तुमच्या व्हिडिओत चित्र मधेच उडी मारतं, ते गोदारचंच ना?’ गोदार म्हणजे फ्रेंच दिग्दर्शक जाँ-लुक गोदार. म्हणून आज यावरच बोलू.

ही उडी म्हणजेच जम्प कट. तो काय असतो ते पटकन सांगते. कॅमेरा तिथेच, माणूस तोच, शॉटमधला एक तुकडा कापून दोन टोकं जोडली. झालं.

आता चला १९५९ च्या पॅरिसला. गोदारचा ‘ब्रेथलेस’ हा सिनेमा पहिल्या जोडणीत फारच लांबला होता आणि बसवायचा होता दीड तासात. अशा वेळी एरवी अख्खे प्रसंग उडवतात. इथे प्रसंग ठेवले आणि शॉटच्या पोटातून तुकडे काढले. निर्णय गोदारचा, पण संकलनाच्या टेबलावर बसली होती सेसिल देक्युजिस. कमेंटमध्ये तिचं नाव एकानंही लिहिलेलं नाही, आणि मला त्याचा खरंच राग येतो.

गाडीतला प्रसंग आठवा. नायिका जीन सीबर्ग पुढे बसलीय, नायक बेलमोंदो तिच्या मानेचं, आवाजाचं कौतुक करतोय. मागचं पॅरिस सारखं बदलतंय, बोलणं मात्र सलग. माझा सगळा मुद्दा इथेच आहे. चित्र तुटतं, आवाज तुटत नाही! हा सिनेमा चित्रीकरणाच्या आवाजावर उभाच नाही, संवाद नंतर डब केलेत. म्हणून आवाजाची पट्टी चित्रापासून मोकळी होती.

माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलांना मी हा प्रसंग आधी आवाज बंद करून दाखवते. ‘बिघडलंय काहीतरी,’ म्हणतात. मग आवाज चालू करते, आणि कट कुठे होते ते त्यांना नीट सांगताही येत नाही. तुम्हीही करून बघा. आणि स्वतःच्या व्हिडिओत चित्राबरोबर वाक्यही मधेच छाटत असाल, तर आधी ते थांबवा. श्वास कापा, वाक्य कापू नका.

एकानं विचारलं होतं, ‘संकलकाचं कसलं करिअर?’ तर ऐका. ‘ब्रेथलेस’ १९६० च्या मार्चमध्ये झळकला, आणि त्याच वर्षी देक्युजिस तुरुंगात होती. अल्जीरियाच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या एफएलएनला मदत केल्याचा आरोप होता. पाच वर्षांची शिक्षा झाली, त्यातली दोन तिनं भोगली. दिग्दर्शक त्रुफोच्या ‘शूट द पियानो प्लेअर’च्या श्रेयनामावलीत म्हणूनच तिच्याबरोबर दुसरी संकलक क्लोदीन बूशेचंही नाव दिसतं. फ्रेंच सिनेमाच्या त्या ऐन उमेदीच्या काळात ही बाई गजाआड!

बाहेर आल्यावर पुढे ती दिग्दर्शक एरिक रोमेरकडे गेली. १९६९ चा ‘माय नाइट अ‍ॅट मॉड्स’ बघा. माणसं बोलतायत, कॅमेरा थांबलाय, ऐकणाऱ्याचा चेहरा आपण पुरेपूर बघतोय. उडी नावालाही नाही. ‘पोलीन अ‍ॅट द बीच’पर्यंत, म्हणजे १९८३ मध्येही, ती रोमेरचे सिनेमे कापत होती. मॉडच्या घरातल्या त्या लांब गप्पा आज रात्री बघा, आणि बोलणाऱ्यावरून ऐकणाऱ्यावर कट नेमका कधी पडतो ते खाली लिहा.