ओकोंक्वोचा तिसरा हिस्सा

मित्रहो, समोर बहुतेक सगळे शिक्षक आहेत. काही इंग्रजीचे, काही मराठीचे, आणि मागच्या रांगांत एम.ए.ची मुलंमुलीही दिसतात. तेव्हा सुरुवात वर्गातूनच करते.

मराठवाड्यातल्या एका तालुक्याच्या गावी मी वर्षानुवर्षं इंग्रजी शिकवलं. नायजेरियाचे लेखक चिनुआ अचेबे यांची ‘थिंग्ज फॉल अपार्ट’ ही १९५८ सालची कादंबरी आमच्या अभ्यासक्रमात होती. पहिल्या वर्षी ती मी कशी शिकवली, ते सांगते. कादंबरीचं नाव आयरिश कवी येट्सच्या कवितेतून घेतलेलं, म्हणून दोन तास येट्स. नायक ओकोंक्वो शोकात्म, म्हणून मग ॲरिस्टॉटलचा शोकांतिका-विचार. त्याचा दोष कोणता, त्याचं पतन कसं झालं, सगळं टिपणांत उतरवून दिलं. नायजेरियातल्या इग्बो माणसांच्या गावात आम्ही पोचलो तेव्हा सत्र संपत आलं होतं. ‘याम’ हा शब्द पानापानावर येतो. गाईडात लिहिलं होतं, ‘रताळ्यासारखा एक कंद’. मीही तसंच सांगितलं.

पुढच्या वर्षी एका मुलीनं हात वर केला. म्हणाली, “बाई, रताळ्याचा वेल भुईवर पसरतो. इथे तर वेलाला आधी बारक्या काठ्या लावल्यात, मग झाडाच्या मोठाल्या फांद्या. हे कोनफळ असणार. माझ्या आजोळी कोकणात लावतात.” तिचं बरोबर होतं. याम हा कोनफळाच्याच जातकुळीतला कंद, रताळ्याशी त्याचं नातं नाही. मी दोन वर्षं ज्या पिकावर अख्खी कादंबरी उभी आहे ते पीकच चुकीचं सांगत होते, आणि येट्सचं जन्मसाल मात्र मला तोंडपाठ होतं.

त्या दिवशी मी टिपणं मिटली आणि कादंबरी वाचायला घेतली, मोठ्यानं. तरुण ओकोंक्वोला बापाकडून ना जमीन ना बियाणं. तो न्वाकिबिए नावाच्या मातब्बराकडे ताडी घेऊन जातो आणि बियाण्याचे याम मागतो. न्वाकिबिए त्याला चारशेच्या दुप्पट, म्हणजे आठशे याम देतो. व्यवहार असा, की कष्ट ओकोंक्वोचे आणि पिकाचा तिसरा हिस्सा त्याचा. मागच्या बाकावरून आवाज आला, “म्हणजे बटईच की.” दुसरा म्हणाला, “बटईत अर्धं तरी पदरात पडतं. हा तिसऱ्या हिश्श्यावर राबतोय.” मग त्या वर्षाचं वर्णन येतं. पाऊस उशिरा आला, थोडा शिंपडून गेला, लावलेलं करपलं. पुन्हा आला तो असा, की सारं वाहून गेलं. त्या हंगामात गावातल्या एका माणसानं अंगावरचं वस्त्र झाडाच्या फांदीला बांधून गळफास घेतला, असं एकच वाक्य अचेबे लिहितात आणि पुढे जातात. आमचा वर्ग पुढे जाईना. त्या वर्गातल्या कुणाच्या घरी काय घडलंय हे मला माहीत होतं. मी पुस्तक उघडं ठेवून गप्प उभी राहिले.

आज मला जे बोलायचंय ते इथूनच सुरू होतं. आफ्रिकी पुस्तक अभ्यासक्रमात लागलं, एवढ्यानं आपण हरखून जातो. पण ते आपण वाचतो कुठे उभं राहून? लंडनच्या खिडकीतून नायजेरिया पाहायचा आणि मग तिथूनच परभणीकडे वळून बघायचं, असा आपला उलटा प्रवास चाललेला असतो. हा प्रश्न खुद्द आफ्रिकेतल्या शिक्षकांनी आपल्या आधी आणि आपल्यापेक्षा धीटपणे विचारला. तो इतिहास आपल्या वर्गांत सहसा सांगितला जात नाही.

नायजेरियातल्या इबादानचं युनिव्हर्सिटी कॉलेज १९४८ साली सुरू झालं. ते लंडन विद्यापीठाशी जोडलेलं होतं. अचेबे तिथे पहिल्याच तुकडीत दाखल झाले, वैद्यकीय शिक्षणासाठी, आणि लवकरच साहित्याकडे वळले. शिकवणारे इंग्रज. विद्यार्थ्यांना जवळचं वाटावं म्हणून त्यांनी जॉइस केरी या ब्रिटिश लेखकाची ‘मिस्टर जॉन्सन’ ही नायजेरियात घडणारी कादंबरी लावली. हेतू चांगलाच होता. अचेबेंनी नंतर सांगितलंय, की वर्गातला एक विद्यार्थी उभा राहिला आणि म्हणाला, या अख्ख्या पुस्तकात मला एकच क्षण आवडला, जॉन्सनला त्याचा इंग्रज साहेब गोळी घालतो तो. शिक्षक थक्क झाले. मला मात्र त्या मुलाचं फार कौतुक वाटतं. माझ्या मते नायजेरियातल्या साहित्य-अध्यापनाचा इतिहास लिहिताना त्याचं उत्तर पहिल्या पानावर असायला हवं.

दहा वर्षांनी अचेबेंची कादंबरी लंडनच्या हाइनमन प्रकाशनानं काढली. पहिली आवृत्ती दोन हजार प्रतींची. १९६२ पासून त्याच प्रकाशनानं ‘आफ्रिकन रायटर्स सीरीज’ सुरू केली. स्वस्त, कागदी बांधणीची पुस्तकं, आणि मालिकेचे सल्लागार संपादक खुद्द अचेबे. ही पुस्तकं खपली ती मुख्यत: शाळांमुळे. स्वतंत्र झालेल्या देशांना मुलांच्या हातात आपली पुस्तकं द्यायची होती, परीक्षा मंडळं ती नेमत होती. म्हणजे आज जगभर ‘आफ्रिकी साहित्य’ म्हणून जे ओळखलं जातं, त्याच्या घडणीत परीक्षेच्या पेपराचा मोठा हात आहे. यात वाईट काही नाही. पण शाळा ज्या भाषेची, पुस्तकंही त्याच भाषेची लागली आणि मागणीही तिचीच वाढली, हे विसरता येत नाही.

त्याच १९६२ साली, जून महिन्यात, युगांडातल्या कंपालाच्या मकेरेरे कॉलेजात इंग्रजीत लिहिणाऱ्या आफ्रिकी लेखकांची परिषद भरली. केनियाचे लेखक न्गुगी वा थिओंगो तेव्हा तिथे विद्यार्थी होते. इंग्रजीत काही कथा छापून आलेल्या, एवढ्या भांडवलावर त्यांना बोलावणं होतं. नायजेरियाच्या योरुबा भाषेत लिहिणारे फागुन्वा, ज्यांची गाजलेली कादंबरी १९३८ पासून लोक वाचत होते, आणि पूर्व आफ्रिकेतल्या स्वाहिली भाषेचे थोर कवी शाबान रॉबर्ट, यांना त्या व्याख्येत जागाच नव्हती. आफ्रिकेच्या दक्षिणेकडच्या सोथो भाषेत थॉमस मोफोलोंची ‘चाका’ १९२५ साली छापली गेली होती. ती परंपरा जणू अस्तित्वातच नाही, असं धरून आफ्रिकी साहित्य म्हणजे काय यावर चर्चा झाली. पुढच्याच वर्षी ओबी वाली या नायजेरियन समीक्षकानं ‘ट्रान्झिशन’ या नियतकालिकात लिहिलं, की या वाटेनं गेलात तर पुढे भिंत आहे. मोठा गदारोळ झाला. जाता जाता सांगते, हे ‘ट्रान्झिशन’ काढलं होतं कंपालात जन्मलेल्या रजत निओगी या बंगाली माणसानं. आणि त्याच मकेरेरेत शिकलेले पीटर नाझरेथ मूळ गोव्याच्या घरातले. ‘इन अ ब्राउन मँटल’ ही त्यांची कादंबरी १९७२ साली आली, युगांडातून आशियाई लोकांना हाकललं गेलं त्याच वर्षी. पुढे त्यांनी अमेरिकेत आयोवाला आफ्रिकी साहित्य शिकवलं. गोव्याच्या आणि आफ्रिकेच्या मधला हा माणूस आपल्याकडे का वाचला जात नाही, याचं मला खरंच वाईट वाटतं.

आता केनियातल्या नैरोबीकडे येते. २० सप्टेंबर १९६८. नैरोबीच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात कला शाखेच्या मंडळाची बैठक झाली. इंग्रजी विभागाच्या प्रभारी प्रमुखांनी विभागाच्या वाढीचा आराखडा मांडला. त्यात इतर भाषांचा, आफ्रिकी साहित्याचाही विचार होता, पण मध्यभागी इंग्रजी परंपराच होती. २४ ऑक्टोबरला तिघांनी उत्तर दिलं: न्गुगी, हेन्री ओवुओर-अन्युम्बा आणि तबान लो लियोंग. त्यांच्या टिपणाचं शीर्षकच इंग्रजी विभाग रद्द करण्याबद्दल होतं. त्यांचा युक्तिवाद साधा होता. एका संस्कृतीचा सलग इतिहास शिकवायचाच, तर ती संस्कृती आफ्रिकी का नको? आफ्रिका मध्यभागी ठेवा आणि तिथून बाकीच्या जगाकडे पाहा.

या टिपणाबद्दल एक गैरसमज मी सेमिनारांत पुन्हा पुन्हा ऐकते, की त्यांना शेक्सपियर हाकलायचा होता. तसं त्यात नाही. युरोपचं साहित्य ते शिकवणारच होते. बदल होता तो क्रमाचा. आधी घर, मग अंगण, मग शीव, मग परमुलूख. केनिया आणि पूर्व आफ्रिका, मग उरलेली आफ्रिका, मग कॅरिबियन आणि अमेरिकेतले काळे लेखक, मग आशिया, लॅटिन अमेरिका, युरोप. आणि पायाशी मौखिक साहित्य. मोठा वाद झाला, पण अखेर इंग्रजी विभागाच्या जागी साहित्याचा एक आणि भाषाविज्ञान व आफ्रिकी भाषांचा एक, असे दोन विभाग आले. विद्यार्थी गावोगाव जाऊन गाणी, गोष्टी गोळा करू लागले. १९७४ च्या सप्टेंबरात केनियाच्या शाळांमधले सुमारे दोनशे साहित्य-शिक्षक नैरोबीत एकत्र बसले आणि शाळेच्या अभ्यासक्रमाचाही याच अंगानं विचार केला.

मौखिक साहित्य वर्गात आणणं म्हणजे काय, ते एका कोड्यानं सांगते. स्वाहिलीत कोडं घालणारा म्हणतो, “कितेंदाविली!” म्हणजे ‘कोडं!’ बाकीचे एका सुरात ओरडतात, “तेगा!” म्हणजे ‘लाव सापळा!’ मग तो म्हणतो, “माझ्या घराला दार नाही.” उत्तर, अंडं. उत्तर आलं नाही तर तो म्हणतो, मला एक गाव द्या. हरलेल्यांनी त्याला गाव द्यायचं, मग तो उत्तर फोडणार. आता हे पाठ्यपुस्तकात छापलं की काय उरतं? प्रश्न आणि उत्तर. सापळाही जातो, गावही जातं. मी माझ्या वर्गात हे खेळून घेतलं. मुलांनी एकमेकांना नांदेड देऊन टाकलं, औंढा देऊन टाकलं. मग एकीनं आजीचं कोडं घातलं, “सुपभर लाह्या, त्यात एक रुपाया.” आकाशातला चंद्र वर्गात उतरला. एम.ए.च्या वर्गात आजीला यायला एवढी वर्षं लागली, आणि ती आली स्वाहिलीचा हात धरून.

न्गुगींनी स्वत:च्या शाळेची एक आठवण लिहिलीय. १९५२ साली केनियात आणीबाणी आली आणि त्यानंतर शाळांवर इंग्रजी लादली गेली. शाळेच्या आवारात कुणी गिकुयू ही आपली मातृभाषा बोललं की छड्या, किंवा गळ्यात पत्र्याची पाटी, ‘मी मूर्ख आहे’, ‘मी गाढव आहे’ अशी. गुन्हेगार शोधायची रीत तर फारच वाईट. सकाळी एका मुलाच्या हातात एक बटण द्यायचं. मातृभाषेत बोलताना जो सापडेल त्याच्या हातात त्यानं ते सरकवायचं. संध्याकाळी बटण ज्याच्याकडे, तो सांगणार त्याला कुणी दिलं, आणि अशी दिवसभराची साखळी उलगडणार. मुलांना एकमेकांवर पाळत ठेवायला शिकवलं गेलं. हे मी वाचून दाखवलं तेव्हा एक विद्यार्थिनी म्हणाली, तिच्या इंग्रजी माध्यमाच्या शाळेत मराठी शब्दामागे एक रुपया दंड होता, आणि नावं लिहायला वर्गातलीच मुलगी नेमलेली होती. तिनं ते इतक्या सहज सांगितलं, की मला रात्री झोप लागली नाही.

न्गुगी तिथेच थांबले नाहीत. कामिरीथू या गावात शेतमजूर आणि कारखान्यातल्या कामगारांबरोबर त्यांनी १९७७ साली गिकुयूत नाटक केलं. नाटकावर बंदी आली आणि ३१ डिसेंबरला त्यांना घरातून उचलून नेलं. खटला चाललाच नाही. इंग्रजीत ते कितीतरी टोकदार लिहून चुकले होते, तेव्हा कुणी हात लावला नव्हता. तुरुंगात त्यांनी संडासच्या कागदावर गिकुयूत कादंबरी लिहिली. ती १९८० साली छापून आली. २०२५ सालच्या मे महिन्यात ते गेले. तोवर ते कादंबऱ्या मूळ गिकुयूतच लिहीत राहिले.

आता एक धोक्याची सूचना, विशेषत: तरुण शिक्षकांना. बटई, कोनफळ, दुष्काळ ही दारं उघडतात हे खरं, पण दारातच बसून राहू नका. ‘सगळं आपल्यासारखंच’ म्हणणं हा आळस आहे. पाहुण्यापुढे कोला नावाचं कडवट बी फोडणं म्हणजे आपली पानसुपारी नव्हे. तिथे प्रार्थना आहे, ते कुणी फोडायचं याचा मान आहे. इग्बोंच्या ‘ची’ या शब्दापुढे नशीब असं लिहून दिलंत की संपलं. माणसानं होय म्हटलं की त्याची ‘ची’ही होय म्हणते, असं इग्बो म्हणतात. आपलं नशीब कधी आपलं ऐकतं का? मग तो शब्द ‘ची’च राहू द्या. मुलांना त्याच्याभोवती घुटमळू द्या. आणि चोपन्न देशांच्या खंडाला एका कादंबरीत बसवू नका. सुदानचे तय्यिब सालेह अरबीत लिहितात, सेनेगलच्या मारियामा बा फ्रेंचमध्ये, आणि दोघांच्या कादंबऱ्यांतल्या बायका, नवरे, नद्या वेगळ्या आहेत.

आमच्या विद्यापीठाच्या पेपरात तेव्हा दरवर्षी प्रश्न यायचा, शोकात्म नायक म्हणून ओकोंक्वोची चर्चा करा. कादंबरीच्या शेवटी ओकोंक्वो गळफास घेतो. आत्महत्या हा भूमीचा अपराध, म्हणून गावची माणसं त्याला हात लावू शकत नाहीत, परक्यांना उतरवायला सांगतात. इंग्रज जिल्हाधिकारी परत जाताना मनाशी म्हणतो, आपल्या पुस्तकात या माणसावर एक अख्खं प्रकरण नाही, पण बऱ्यापैकी परिच्छेद होईल. त्या बटईवाल्या मुलानं सराव परीक्षेत ॲरिस्टॉटल लिहिलाच नाही. त्यानं न्वाकिबिएच्या आठशे यामांचा हिशेब मांडला. तिसऱ्या हिश्श्यात ओकोंक्वोच्या घरी किती आले असते, त्यातून आई-बहिणींचं पोट कसं भरलं असतं, आणि त्या वर्षी काय उरलं. अडीच पानं. खाली लिहिलं होतं, ‘परिच्छेदात बसलं नाही, पुरवणी जोडली आहे.’ पंधरापैकी मी त्याला तेरा दिले, आणि ती पुरवणी अजून माझ्याकडे आहे.