झाड नेमकं कोणाचं?

आजचा विषय सगळ्या जगाचा आहे: जमीन, पाणी, जंगल, आणि ते पुढच्या पिढ्यांना पुरेल असं कसं वापरायचं. पण सुरुवात मी एका खुंटापासून करणार आहे.

१९८३ साल. पश्चिम आफ्रिकेतल्या नायजर देशाचा माराडी भाग. टोनी रिनाउडो नावाचे एक ऑस्ट्रेलियन कृषितज्ज्ञ तिथे झाडं लावण्याच्या प्रकल्पावर काम करत होते. रोपवाटिकेत रोपं वाढवायची, गाडीत भरून गावोगाव न्यायची, लावायची. आणि मग ती मरताना बघायची. कधी ऊन, कधी वाळूचं वादळ, कधी शेळ्या. एके दिवशी रेताड रस्त्यावर चाकं रुतू नयेत म्हणून टायरमधली हवा कमी करायला ते थांबले. समोरच्या उघड्याबोडक्या माळावर काही झुडपं होती. रोज दिसणारीच. त्या दिवशी ते एका झुडपाजवळ गेले, पान हातात घेतलं आणि लक्षात आलं, हे झुडूप नाहीच. तोडलेल्या झाडाच्या खुंटाला फुटलेले हे धुमारे आहेत. झाड वर मेलं होतं, जमिनीखाली त्याची मुळं धडधाकट होती. आणि असे खुंट त्या माळावर नजर जाईल तिथवर होते.

त्यातून जी पद्धत निघाली ती सांगायला दोन मिनिटंही लागत नाहीत. एका खुंटाला दहा-वीस फुटवे येतात. त्यातले सरळ, जोमदार असे चार-पाच ठेवायचे. बाकीचे काढायचे, ते सरपणाला होतात. ठेवलेल्या फुटव्यांच्या खालच्या फांद्या निम्म्या उंचीपर्यंत छाटायच्या. खाली मुळांचं जाळं आधीच तयार असतं, त्यामुळे वरून पाणी घालावं लागत नाही आणि वाढही झपाट्याने होते. हे तंत्र काही नवं नव्हतं. तिथल्या शेतकऱ्यांच्या आजोबा-पणजोबांना ते ठाऊक होतं.

मग ते थांबलं कशामुळे? आजचं माझं सगळं बोलणं याच प्रश्नाभोवती आहे.

वसाहतकाळापासून नायजरमध्ये झाडं सरकारच्या मालकीची होती. शेत शेतकऱ्याचं, त्यात राबायचा तो, पण शेतातलं झाड सरकारचं. परवानगीशिवाय फांदी तोडली तरी दंड व्हायचा. आता त्या शेतकऱ्याच्या जागी उभं राहून बघा. झाड मोठं झालं तर त्याचा फायदा नाही, उलट वनरक्षक दारात येण्याची भीती. मग पेरणीआधी कोवळा फुटवा दिसला की तो छाटून टाकणं, जाळणं हेच शहाणपणाचं. संरक्षणासाठी केलेल्या कायद्यानेच शेताशेतातलं झाड उगवण्याआधी मारलं.

रिनाउडो आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी स्थानिक वनाधिकाऱ्यांशी बोलणी केली: जो शेतकरी झाड राखेल त्याला ते वापरू द्या, दंड करू नका. सुरुवातीला जेमतेम दहा-बारा शेतकरी तयार झाले आणि गावाने त्यांना वेड्यात काढलं. १९८४ च्या दुष्काळात कामाच्या बदल्यात धान्य मिळत होतं तोवर पुष्कळांनी झाडं राखली, आणि धान्य बंद झाल्यावर त्यातली बरीचशी तोडलीही. पण झाड आपलं आहे ही खात्री जसजशी पटत गेली तसतसं चित्र पालटलं. २००४ मध्ये देशाचा वनकायदाही त्या दिशेने बदलला. साधारण वीस वर्षांत सुमारे ५० लाख हेक्टर शेतजमिनीवर झाडं परत आली. संशोधकांचा अंदाज २० कोटी झाडांचा आहे आणि उपग्रहांच्या चित्रांत ही हिरवळ स्पष्ट दिसते. यातलं जवळपास एकही झाड कोणी रोप आणून लावलेलं नाही.

त्यातलं एक झाड मला फार विलक्षण वाटतं. तिथे त्याला गाओ म्हणतात. बाभळीच्या कुळातलं. ते पावसाळ्यात पानं गाळतं आणि कोरड्या ऋतूत हिरवंगार असतं. म्हणजे बाजरी वाढत असते तेव्हा तिच्यावर सावली नाही, गळलेल्या पानांचं खत मात्र मिळतं. आणि सगळीकडचा चारा संपतो तेव्हा जनावरांना याच्या शेंगा असतात. बाजरीच्या शेतात असं झाड असणं म्हणजे घरबसल्या खताची सोय. तरीही पिढ्यान्‌पिढ्या ते कापलं जात होतं, कारण झाड कोणाचं या प्रश्नाचं उत्तर चुकीचं होतं.

संसाधनांच्या व्यवस्थापनाची चर्चा बहुतेक वेळा तंत्रापासून सुरू होते. कोणतं रोप, कोणतं बियाणं, किती खोल चर. ही माहिती लागते, मी तिला कमी लेखत नाही. पण आज कष्ट केले तर उद्या त्याचं फळ आपल्याच हाती येईल, ही खात्री माणसाला आहे का, हे आधी विचारायला हवं. ती नसेल तर उत्तमातलं उत्तम तंत्र प्रकल्पाचा निधी संपला की त्याच दिवशी संपतं.

इथे एक जुना वाद आहे. १९६८ मध्ये गॅरेट हार्डिन या अमेरिकी शास्त्रज्ञाने एक लेख लिहिला. त्याचा युक्तिवाद असा: कुरण सगळ्यांचं असेल तर प्रत्येक जण आणखी एक जनावर सोडणार, कारण फायदा त्याचा एकट्याचा आणि नुकसान सगळ्यांत वाटलेलं. शेवटी कुरण उजाड. या लेखाचा धोरणांवर प्रचंड प्रभाव पडला. जे सामायिक आहे ते एकतर सरकारने ताब्यात घ्यावं, नाहीतर खासगी करावं, असा सरळ निष्कर्ष काढला गेला. पुढे हार्डिन यांनी स्वतःच मान्य केलं की आपण बोलत होतो ते व्यवस्था नसलेल्या सामायिक मालमत्तेबद्दल, आणि ‘व्यवस्था नसलेल्या’ हे शब्द आपण घालायला हवे होते. तोवर मधे तीन दशकं गेली होती.

एलिनॉर ऑस्ट्रॉम या विदुषीने वेगळं केलं. प्रत्यक्षात लोक कुरणं, कालवे, मासेमारीच्या जागा कशा सांभाळतात याची जगभरातली उदाहरणं त्यांनी गोळा केली. २००९ मध्ये त्यांना अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. हा सन्मान मिळवणाऱ्या त्या पहिल्या महिला. त्यांच्या उदाहरणांतलं एक स्वित्झर्लंडच्या डोंगरातल्या टोर्बेल गावाचं आहे. तिथला १५१७ सालचा नियम असा: जेवढ्या गायी हिवाळ्यात आपल्या गोठ्यात पोसता येतील तेवढ्याच उन्हाळ्यात वरच्या सामायिक कुरणावर न्यायच्या. बस. ना सर्वेक्षण, ना गुंतागुंतीचं गणित. बर्फाच्या दिवसांत ज्याच्याकडे सहा गायींपुरता चारा, त्याच्या सहाच गायी वर जाणार. आणि त्या वर गेल्या की मोजायच्या, कारण हंगामाच्या शेवटी चीजचे वाटे त्याच मोजणीवर. म्हणजे मोजणी होते की नाही यावर प्रत्येक घराचं लक्ष. कोणी जास्त गाय घुसवली तर दंड, आणि वसूल करणाऱ्याला त्यातला निम्मा. नियम, पाहणी, शिक्षा हे तिन्ही रोजच्या कामातच विणलेलं आहे, त्यासाठी वेगळं खातं उघडावं लागलेलं नाही.

मी गावकीची आरती करायला उभा नाही. याच टोर्बेलचे नियम बाहेरून आलेल्यांना कुरणापासून दूर ठेवण्यासाठीही होते. आणि गावाच्या नियमांमध्ये कोणाचा आवाज मोजला जातो हा प्रश्न राहतोच. संयुक्त राष्ट्रांच्या अन्न व कृषी संघटनेच्या आकडेवारीनुसार जगातल्या जमीनधारकांमध्ये बायकांचं प्रमाण १५ टक्क्यांहूनही कमी आहे. शेतात राबणारी, पाणी आणणारी, सरपण गोळा करणारी बाई ठरावाच्या वेळी खोलीबाहेर असेल तर तो नियम अर्ध्या माहितीवर बेतलेला असतो.

नेपाळचा अनुभव याच वाटेवरचा. १९५७ मध्ये जंगलं सरकारजमा झाली आणि लोकांचा त्यांच्याशी संबंध तुटला; डोंगर बोडके होत गेले. १९९३ च्या वनकायद्याने जंगल गावोगावच्या वापरकर्त्या गटांच्या हाती सोपवलं. १९९२ मध्ये देशाच्या साधारण २६ टक्के भूभागावर जंगल होतं, २०१६ पर्यंत ते ४५ टक्क्यांच्या आसपास गेलं. गावातून रोजगारासाठी परदेशी गेलेल्या तरुणांमुळेही जमिनीवरचा ताण घटला, हे सांगितलंच पाहिजे. पण राखणदार बदलले हा त्यातला मोठा वाटा.

आता समुद्राकडे. कॅनडाच्या न्यूफाउंडलंड किनाऱ्याजवळ कॉड मासा जवळपास पाचशे वर्षं पकडला जात होता. विसाव्या शतकाच्या मध्याला मासे पकडून जहाजावरच गोठवणारे प्रचंड ट्रॉलर आले. १९६८ मध्ये तिथली पकड आठ लाख टनांवर गेली. पुढे परदेशी ट्रॉलरना हद्दीबाहेर काढलं, पण देशातल्या ट्रॉलरनी त्यांची जागा घेतली. ऐंशीच्या दशकात किनाऱ्यालगत छोट्या होड्यांतून मासेमारी करणारे लोक सांगत होते की मासे कमी झालेत, लहान झालेत. ट्रॉलरचे आकडे मात्र चांगलेच दिसत होते. त्याचं कारण फार शिकण्यासारखं आहे. कॉडची संख्या घटते तेव्हा उरलेले मासे दाटीने एकत्र येतात आणि ध्वनियंत्राने ती दाटी शोधून काढता येते. त्यामुळे जाळं शेवटपर्यंत भरून येत राहतं. किनाऱ्यावरच्या मच्छीमाराला जे डोळ्यांनी दिसत होतं ते हिशेबाच्या वहीत उमटलंच नाही. २ जुलै १९९२ ला सरकारने मासेमारी बंद केली. सुमारे ३० हजार माणसांचं काम एका घोषणेनं गेलं. दोन वर्षांसाठी म्हणून केलेली ती बंदी २०२४ पर्यंत टिकली आणि उठवली तेव्हा मर्यादा होती फक्त १८ हजार टनांची.

अरल समुद्राची कथा तुमच्यापैकी अनेकांना माहीत असेल, म्हणून थोडक्यात. मध्य आशियातलं, एकेकाळी जगातलं चौथ्या क्रमांकाचं सरोवर. त्याला पाणी देणाऱ्या अमू दर्या आणि सीर दर्या या नद्या १९६० नंतर कापसासाठी वळवल्या. निर्णय सोव्हिएत राजधानी मॉस्कोत झाला, परिणाम आजच्या उझबेकिस्तानातल्या मोयनाकच्या कोळ्यांनी भोगले. त्या बंदरापासून पाणी शंभर किलोमीटरहून दूर गेलं आणि जहाजं वाळूत राहिली. उघड्या पडलेल्या तळातलं मीठ आणि शेतांतून वाहून आलेली कीटकनाशकं वाऱ्याबरोबर लोकांच्या श्वासात गेली. पण कझाकस्तानने २००५ मध्ये जागतिक बँकेच्या मदतीने सुमारे १३ किलोमीटरचा कोकअरल बांध पुरा केला आणि उत्तरेकडच्या छोट्या अरलमध्ये पाण्याची पातळी अपेक्षेपेक्षा फार लवकर चढली, खारेपणा उतरला, मासे परतले. दक्षिणेकडचा मोठा भाग मात्र अजून कोरडाच आहे. अनेक देशांतून वाहणाऱ्या नदीचा प्रश्न एका गावाच्या नियमाने सुटत नाही, तिथे देशांनी एकत्र बसावंच लागतं.

देश बसतातही. १९९२ च्या रिओतल्या जागतिक पर्यावरण परिषदेनंतर १९९४ मध्ये वाळवंटीकरणाविरुद्धचा करार झाला. २०१५ च्या शाश्वत विकास उद्दिष्टांमध्ये जमिनीचा ऱ्हास थोपवण्याचं उद्दिष्ट आहे. २०११ च्या बॉन आवाहनातून पुढे २०३० पर्यंत ३५ कोटी हेक्टर जमीन पूर्ववत करण्याचं लक्ष्य ठरलं. या करारांची गरज आहे असं मी मनापासून मानतो. पण हेक्टर मोजताना काय सुटतं ते बघा. २०१९ मध्ये संशोधकांनी अशा आश्वासनांची छाननी केली तेव्हा त्यातली ४५ टक्के जमीन व्यापारी लागवडीखाली जाणार असल्याचं दिसलं. एकाच जातीची झाडं, काही वर्षांनी तोड, पुन्हा लागवड. कागदावर तेही जंगलच. आणि जमीनहक्कांबद्दलची २०१२ ची आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक तत्त्वं, जी मला या सगळ्यात सर्वांत महत्त्वाची वाटतात, ती मात्र ऐच्छिक आहेत.

हक्क नसला की काय होतं, याचं मला सर्वांत जास्त छळणारं उदाहरण बुर्किना फासोचं आहे. याकुबा सावाडोगो. ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला दुष्काळाने लोक गाव सोडून जात होते तेव्हा हा शेतकरी उलट पडीक जमिनीकडे वळला. दगडासारखी कडक झालेली जमीन, त्यात कोरड्या दिवसांतच हातभर रुंदीचे खड्डे खणायचे, त्यात शेण आणि पालापाचोळा भरायचा. वाळवी येते, जमीन पोखरते, पहिल्या पावसाचं पाणी त्या भोकांतून आत मुरतं. ही झाई पद्धत जुनीच. त्यांनी खड्डे मोठे केले, खत वाढवलं. ज्वारी-बाजरी आली, खतातल्या बियांतून झाडंही उगवली आणि ती त्यांनी राखली. काही दशकांत २० हेक्टरांहून मोठं जंगल उभं राहिलं. २०१८ मध्ये रिनाउडो आणि सावाडोगो या दोघांनाही ‘पर्यायी नोबेल’ म्हणून ओळखला जाणारा राइट लाइव्हलीहुड पुरस्कार मिळाला. पण त्याआधीच शहर वाढत वाढत त्या जंगलापर्यंत पोचलं होतं. सरकारी विस्तार योजनेत ती जमीन घेतली गेली, भूखंड पडले, झाडांच्या जागी घरं होऊ लागली. ज्याने ओसाड माळाचं जंगल केलं त्याच्याकडे त्या जंगलाचा पक्का हक्कच नव्हता. २०२३ च्या डिसेंबरात ते गेले.

शेवटी स्पेनमधल्या व्हॅलेन्सिया शहरात जाऊ या. तिथे शेतीच्या कालव्यांचं पाणी वाटणारं एक न्यायालय आहे. शेकडो वर्षांची परंपरा, २००९ पासून युनेस्कोच्या वारसा यादीत. दर गुरुवारी दुपारी बाराच्या सुमाराला कॅथेड्रलच्या दाराबाहेर आठ माणसं काळे अंगरखे घालून गोलात बसतात. प्रत्येक जण एकेका कालव्याचा, तिथल्या शेतकऱ्यांनी निवडून दिलेला. शिपाई एकेका कालव्याचं नाव पुकारतो: या कालव्यावर कोणाची तक्रार? तक्रार असली तर तोंडीच सुनावणी, तिथल्या तिथे निकाल, आणि तो शेवटचा. कोणी पाळीबाहेर पाणी घेतलं, कोणी पाणी वाया घालवलं, एवढेच विषय. बऱ्याच गुरुवारी आठही नावं पुकारून होतात आणि कोणीच पुढे येत नाही. मग ते आठ जण उठतात, अंगरखे काढतात आणि पुढच्या गुरुवारी पुन्हा येतात.