बिनझाकणाची बाटली

मंडळी, पत्रिकेत विषय छापलाय ‘दारू आणि सार्वजनिक आरोग्य : रशियाचा धडा’. धड्यावर येतोच, पण सुरुवात एका झाकणापासून करू द्या. ते झाकण चाळीस वर्षं माझ्या डोक्यातून गेलेलं नाही.

1982 ते 1988 मी मॉस्कोत डॉक्टरकी शिकलो. तिथली साधी व्होडका अर्ध्या लिटरच्या बाटलीत यायची आणि त्या बाटलीला फिरकीचं बूच नव्हतं. इथल्या ज्येष्ठांना आरेच्या दुधाच्या काचेच्या बाटल्या आठवत असतील, त्यांच्यावर चंदेरी पत्र्याची पातळ टोपी असायची. तशीच टोपी, फक्त कडेला एक छोटी जीभ. जीभ ओढली की टोपी फाटली, आणि ती पुन्हा बसत नाही. म्हणजे उघडलेली बाटली संपवायचीच! दोन घोट घेऊन उरलेली कपाटात ठेवावी, ही सोयच नाही. साठच्या दशकात ती 2 रूबल 87 कोपेकला मिळायची. तिघांनी एकेक रूबल काढला की बाटली आली आणि उरलेल्या चिल्लरीत चीजचा तुकडा. ‘ना त्रोइख’, म्हणजे ‘तिघांत’, हा शब्दच त्यावरून रूढ झाला. मागे ऐकू येतंय ना? बरं.

आमच्या वसतिगृहात एक प्लंबर होता. माझ्यापेक्षा वीसेक वर्षांनी मोठा, हाताला सोनं लागलेलं म्हणावं असा कारागीर. उणे वीसमध्ये खोली गरम ठेवणारा पाइप थंड पडला की त्याच्याशिवाय कुणाला जमायचं नाही. पण पगार झाला की चार दिवस गायब. त्याला रशियनमध्ये ‘झापोय’ म्हणतात, दिवसचे दिवस अखंड पिणं. हा शब्द लक्षात ठेवा. रोज थोडी घेणारा आणि झापोयवाला, दोघं वर्षाकाठी सारखीच दारू पीत असतील. पण हृदय वर्षाचा हिशेब ठेवत नाही, त्या चार दिवसांचाच ठेवतं. मॉस्कोत हृदयविकाराचे मृत्यू शनिवार, रविवार, सोमवारी वाढतात, हे पुढे आकडेवारीतही दिसलं.

मे 1985 मध्ये सोव्हिएत कम्युनिस्ट पक्षाचा जनरल सेक्रेटरी गोर्बाचेव्ह याचा दारूविरोधी हुकूम निघाला. कारखान्यांचं उत्पादन घटवलं, दुकानं कमी केली, किंमत वाढवली, विक्री दुपारी दोननंतर. लोक या जनरल सेक्रेटरीला ‘मिनरल सेक्रेटरी’ म्हणू लागले, मिनरल वॉटरवरून. दीडला निघालेली रांग कोपरा वळून दिसेनाशी व्हायची. आणि मग बाजारातून साखर नाहीशी झाली! आपली हातभट्टी गुळावर, नवसागरावर चालते, तिथली साखरेवर. 1987 च्या दिवाळीला आम्ही सहा-सात मराठी पोरं शिरा करायला बसलो. तूप एकाच्या आईनं पाठवलेलं, रवा तिथे मुबलक, साखरेचा मात्र पत्ता नाही. प्लंबर पाइप बघायला आला होता. त्यानं आमची तोंडं पाहिली, अवजारांची पेटी उघडली आणि पान्याखालून वर्तमानपत्रात बांधलेली अर्धा किलो साखर काढून ओट्यावर ठेवली. पेटीत साखर कशाला, हे कुणी विचारलं नाही. हसा, आम्हीही हसलो होतो. पहिली वाटी त्यालाच दिली.

पण बघा, त्या दोन वर्षांत रशियन पुरुषांचं सरासरी आयुर्मान 62 च्या आसपास होतं ते 65 च्या जवळ गेलं. लोक शिव्या घालत होते आणि जगत होते. मग तिजोरीला भोक पडलं, मोहीम गुंडाळली. 1992 मध्ये व्होडकेवरची सरकारी मक्तेदारीही उठली, व्होडका स्वस्त झाली, आणि 1994 पर्यंत हेच आयुर्मान 58 च्याही खाली आलं. त्याच वर्षी मी तिकडे गेलो होतो. वसतिगृहात चौकशी केली. प्लंबर वारला होता, पन्नाशीत. कारण काय, तर हृदयविकार.

त्या ‘हृदयविकारा’वर माझा राग आहे. सायबेरियातल्या बर्नाउल शहरात 1990 ते 2004 या काळातली हजारो शवविच्छेदनं तपासली गेली. हृदयविकाराने गेला म्हणून नोंदलेल्या कित्येकांच्या रक्तात जीव घेण्याइतकी दारू सापडली. आणि हे आपल्याकडे घडत नाही असं समजू नका. मी तालुक्याच्या गावी तीस वर्षं दवाखाना चालवला. रात्री दोनला मयताचा भाऊ बाहेर घेऊन जातो, हात धरतो आणि म्हणतो, “डॉक्टरसाहेब, दारूचं तेवढं लिहू नका, विम्याचे पैसे अडतील, वहिनीच्या पदरात दोन पोरं आहेत.” मी लिहिलं नाही. एकदा नव्हे, अनेकदा.

अध्यक्षांची चिठ्ठी आली, पाच मिनिटं. मग मुख्य मुद्दा पळतच सांगतो.

रशिया सावरला, पण दारूबंदीनं नाही. 2006 पासून बाटलीबाटलीची नोंद सुरू झाली, 2010 ला अर्ध्या लिटर व्होडकेची किमान किंमत 89 रूबल ठरली, रात्रीची विक्री थांबली, तोवर खाद्यपदार्थ गणली जाणारी बिअर कायद्यानं दारू ठरली. जागतिक आरोग्य संघटनेच्या हिशेबाने 2003 ते 2016 मध्ये दारूचं सेवन 43 टक्क्यांनी घटलं. 2018 मध्ये पुरुषांचं आयुर्मान 68 च्या घरात पोचलं.

आपण मात्र दोन टोकांत अडकलोय. गडचिरोलीत 1993 पासून बंदी; चंद्रपुरात 2015 ला लावली, 2021 ला उठवली. मुंबईत मालवणीला 2015 मध्ये विषारी दारूनं शंभरावर माणसं गेली. गावोगावच्या बायांनी मतदान करून दुकानं बंद पाडली, आडवी बाटली केली, त्यांच्यापुढे मी हात जोडतो. पण दुकान जिथे उभं आहे तिथे ते उघडतं किती वाजता, मिळतं किती रुपयांना, हे कोण विचारतं? आपली बिनझाकणाची बाटली म्हणजे देशीची नव्वदी, 90 मिलिलिटरची छोटी बाटली. तिला झाकण आहे, पण ती रोजंदारीच्या खिशात बरोबर बसते. किमान किंमत, सकाळची विक्री बंद आणि नव्वदी बंद, या तीन मागण्या माझ्या आहेत. त्यांवर प्रश्नोत्तरांत भांडा.

समोर काही तरुण डॉक्टर दिसतायत. मृत्यूच्या कारणाच्या नमुना 4 मध्ये पहिल्या ओळीत आपण ‘हृदयक्रिया बंद’ लिहून सही करतो. तिच्याखाली आणखी ओळी आहेत. तिथे खरं कारण लिहायचं असतं. माझ्या त्या कागदांवर त्या ओळी कोऱ्या आहेत.